हप्ता नको, शेवटच्या हप्त्याची तारीख छापा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

रिझर्व्ह बँकेचं पतधोरण जाहीर झालं की दुसऱ्या दिवशीचा मथळा ठरलेला असतो. दर उतरले तर 'हप्ता कमी होणार', चढले तर 'हप्ता महागणार'. बहुतेक कर्जदारांच्या बाबतीत यातलं काहीच लगेच होत नाही. हप्ता जिथल्या तिथे राहतो, बदलते ती मुदत. आणि गृहकर्ज किती महाग पडलं हे मुदतीवरच ठरतं. म्हणून हे थोडं लांबलेलं पत्र.

५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के दर, २० वर्षं असं गृहीत धरू. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटतं ७,९७४ रुपयांचं. पाच वर्षांत २६ लाख भरून झाले की कर्जदार उतारा मागवतो आणि चक्रावतो, कारण ४४ लाख ६ हजार अजून शिल्लक दिसतात. बँकेने यात काही लबाडी केलेली नसते. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला मुद्दल मोठं असतं, इतकंच. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा जास्त होतो तो १४३व्या हप्त्याला, म्हणजे बारावं वर्ष संपत आल्यावर. निम्मं कर्ज फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. २० वर्षांत एकूण भरणा १ कोटी ४ लाख १४ हजार, त्यात व्याज ५४ लाख १४ हजार.

व्हॉट्सॲपवर हा आकडा 'बँक दुप्पट लुटते' म्हणून फिरतो. ते खरं नाही. २० वर्षांनंतरचा रुपया आजचा रुपया नसतो. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर शेवटच्या हप्त्याचे ४३,३९१ रुपये आजच्या सोळा-साडेसोळा हजारांएवढे भरतात. कर्ज काढून घर घेण्यात काही गैर नाही. गैर आहे ते मुदतीचा हिशेब न विचारता सही करणं.

तेच ५० लाख ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता ३८,४४६ होतो. महिन्याला ४,९४५ रुपये सुटले म्हणून घरात समाधान असतं, पण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाख ४० हजारांवर गेलेलं असतं. उलट १५ वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. जाहिरातीत 'हप्ता फक्त इतका' असं असतं तेव्हा त्या 'फक्त'च्या पोटात सहसा ३० वर्षं असतात. ती खाली, फुलीच्या खुणेशेजारी, भिंगातून दिसतील अशा अक्षरांत.

ही झाली सहीच्या दिवशी ठरलेली मुदत. खरा घोळ पुढे होतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना थोड्या दिवसांसाठी पैसे देते तो दर, ४ टक्क्यांवरून ६.५ वर गेला. २०२१च्या अखेरीस ज्यांनी ६.७५ टक्क्यांनी ५० लाख घेतले, त्यांचा हप्ता होता ३८,०१८ रुपये. दर अडीच टक्के चढून ९.२५ झाला तेव्हा मुद्दल साधारण ४९ लाख शिल्लक होतं. त्यावर एका महिन्याचं व्याज ३७,७७१ रुपये. म्हणजे ३८ हजारांच्या हप्त्यातून कर्ज फिटत होतं फक्त २४७ रुपयांचं. त्याच हप्त्याने ते संपवायचं म्हटलं तर ६५६ महिने लागतात, साडेचोपन्न वर्षांहून जास्त. एवढी मुदत कोणी कागदावर ठेवत नाही. वयाची किंवा वर्षांची मर्यादा येईपर्यंत मुदत ताणली जाते आणि मग हप्ता चढवला जातो. मूळ मुदतीतच फेडायचं असतं तर हप्ता ४५,७०८ व्हायला हवा होता. खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच असल्यामुळे अनेकांना यातलं काही कळलंच नाही. उताऱ्यावर 'शिल्लक हप्ते' असा एक रकाना असतो, तिकडे फारसं कोणी पाहत नाही.

म्हणूनच रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा आहे. काही रक्कम किंवा संपूर्ण कर्ज मुदतीआधी फेडायची मुभा द्यायची आहे. मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून महिन्याचं व्याजही निघू नये. आणि दर तिमाहीला एक साधं विवरण द्यायचं आहे : आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, हप्ता किती, शिल्लक हप्ते किती, वार्षिक दर किती. हे विवरण ॲपमध्ये कुठेतरी सापडतं. सापडलं नाही तर शाखेत लेखी मागावं. तोंडी विचारलं की 'सिस्टीममधून आपोआप होतं' हे उत्तर ठरलेलं असतं.

फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ या काळात रेपो सव्वा टक्क्याने खाली आला, ६.५ वरून ५.२५ वर. तेव्हाही 'हप्ता घटणार' हेच मथळे होते. आता ज्यांची मुदत चढत्या दरात लांबली होती त्यांनी उतरत्या दरात हप्ता कमी करून घेतला, तर लांबलेली मुदत कायमची गळ्यात पडते. दर चढताना मुदत वाढू द्यायची आणि उतरताना हप्ता घटवायचा, याहून महागडा मार्ग नाही. झेपत असेल तर हप्ता आहे तोच ठेवावा.

शिवाय रेपो उतरला म्हणून प्रत्येकाचा दर उतरत नाही. बँकांनी १ ऑक्टोबर २०१९ पासून दिलेली फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या मानकाला, बहुतेक ठिकाणी रेपोला, जोडलेली असतात आणि तिथे तीन महिन्यांतून किमान एकदा दर बदलावा लागतो. त्याआधीची अनेक कर्जं अजून एमसीएलआर किंवा बेस रेट या, बँकेने स्वतःच ठरवलेल्या, जुन्या संदर्भ दरांवर पडून आहेत. गृहवित्त कंपन्यांना तर हे बंधनच नाही. त्यांचा स्वतःचा संदर्भ दर असतो, आणि तो चढताना जेवढा चपळ असतो तेवढा उतरताना नसतो. मंजुरीपत्रात दर कशाला जोडला आहे आणि त्यावर 'स्प्रेड', म्हणजे बँकेने वर मिळवलेले टक्के, किती, या दोन ओळी आधी वाचाव्यात. नव्या ग्राहकाला कमी स्प्रेड आणि जुन्याला जास्त, हा प्रकार सर्रास चालतो. जुन्याने अर्ज करून रूपांतर शुल्क भरलं तर बऱ्याचदा त्याचाही दर खाली येतो. आपणहून मात्र कोणी सांगत नाही.

दर कमी म्हणून कर्ज दुसऱ्या बँकेत नेणाऱ्यांचीही एक ठरलेली चूक होते. ४० लाख शिल्लक, १५ वर्षं उरलेली, दर ९ टक्के, हप्ता ४०,५७१. दुसरी बँक साडेआठ टक्के देते आणि हप्ता सांगते ३४,७१३. दर कमी, हप्ताही जवळजवळ सहा हजारांनी कमी, मग आणखी काय हवं? तर नव्या कर्जाची मुदत पुन्हा २० वर्षं धरलेली असते. जुन्या जागी उरलेला भरणा ७३ लाख ३ हजार होता, नव्या जागी तो ८३ लाख ३१ हजार होतो. स्वस्त दराचं कर्ज १० लाख २८ हजारांनी महाग पडतं. मुदत १५ वर्षंच ठेवली तर याच बदलीत सव्वादोन लाखांच्या आत-बाहेर वाचतात. त्यातून प्रक्रिया शुल्क, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणाचा मुद्रांक आणि दुय्यम निबंधकाकडची नोटीस ऑफ इंटिमेशन, म्हणजे घर गहाण ठेवल्याची सूचना, यांचा खर्च वजा करायचा. अर्ध्याहून जास्त मुदत उलटली असेल तर सहसा हा खटाटोप करू नये.

जादा पैसे भरायचे तर लवकर भरावेत. आमच्या मूळ उदाहरणात पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख रुपये मुद्दलात टाकले, तर शेवटचे ११ हप्ते गळतात, म्हणजे पावणेपाच लाखांहून जास्त भरणा वाचतो. तेच १ लाख १५ वर्षांनी टाकले तर जेमतेम साडेतीन हप्ते गळतात. दर वर्षाच्या शेवटी एक हप्ता जादा भरत गेलं तर कर्ज २० ऐवजी साधारण १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं आणि सव्वादहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. वैयक्तिक कर्जदाराच्या फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचं शुल्क बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. पैसे भरताना 'मुदत कमी करावी, हप्ता तोच ठेवावा' असं लेखी द्यावं आणि आठवड्याभराने परतफेडीचा नवा तक्ता काढून पाहावा. काही ठिकाणी न सांगता हप्ताच कमी केला जातो.

हप्त्याबाहेरचा खर्च पुण्याच्या हिशेबाने सांगतो. ६२ लाख ५० हजारांचा, बांधकाम चालू असलेला फ्लॅट. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच कर्ज मिळतं, म्हणून ५० लाख बँकेचे आणि साडेबारा लाख आपले. महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे ४ लाख ३७ हजार ५००. घर बाईच्या नावावर असेल तर यात एक टक्का सवलत आहे. नोंदणी ३० हजार. परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत न बसणाऱ्या घरावर ५ टक्के जीएसटी, ३ लाख १२ हजार ५००. घरातून काढायची रक्कम होते २० लाख ३० हजार. मुद्रांक आणि नोंदणीचा खर्च बँक किमतीत धरत नाही. ऐन वेळी तेवढ्यासाठी वैयक्तिक कर्ज काढणारे बरेच असतात, आणि त्याचा दर गृहकर्जापेक्षा बराच जास्त असतो. ताबा मिळेपर्यंत प्री-ईएमआय भरायचं ठरलं तर ते निव्वळ व्याज असतं. दोन वर्षं सरासरी निम्मी रक्कम उचललेली असेल तर ४ लाख २५ हजार जातात आणि मुद्दल रुपयानेही हलत नाही.

कर्जाबरोबर गळ्यात मारला जाणारा विमा हा वेगळाच विषय आहे. घर चालवणाऱ्याच्या आयुष्याचा विमा हवाच, पण तो त्याच कंपनीकडून, एकरकमी हप्त्याने आणि कर्जातच मिळवून घेण्याची सक्ती नाही. १ लाखाचा विमा हप्ता कर्जात मिसळला की २० वर्षांत त्याचे २ लाख ८ हजार होतात. कर्ज लवकर फेडलं किंवा दुसरीकडे नेलं तर त्या विम्याचं काय होतं, हे सहीआधी विचारावं.

आता १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या कर्जांना 'की फॅक्ट स्टेटमेंट' देणं सक्तीचं आहे. त्यात शुल्क, विमा वगैरे धरून वार्षिक टक्केवारी, म्हणजे एपीआर, आणि परतफेडीचा तक्ता असतो. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दराची करू नये, या एपीआरची करावी. या पत्रकात नसलेलं शुल्क पुढे कर्जदाराच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. पहिल्या महिन्याचं व्याज कोणत्या तारखेपासून धरलं हेही तपासावं. रक्कम प्रत्यक्ष हातात पडण्याआधीच्या तारखेपासून व्याज लावल्याचं तपासणीत आढळल्याने रिझर्व्ह बँकेला एप्रिल २०२४ मध्ये कान टोचावे लागले होते.

करसवलतीबद्दल थोडक्यात. नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट नाही. जुन्या प्रणालीत ती वर्षाला २ लाखांपर्यंतच आहे, आणि आमच्या उदाहरणात पहिल्याच वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार होतं. 'टॅक्स वाचतो म्हणून कर्ज राहू दे' हा सल्ला देणाऱ्याने आधी आपण कोणती प्रणाली निवडली आहे ते पाहावं.

फेड पूर्ण झाल्यावर मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. उशिराला कर्ज देणारी संस्था जबाबदार असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई तिने द्यायची, असा सप्टेंबर २०२३चा नियम आहे.

आपल्याकडे आमची विनंती अशी. पतधोरणाच्या बातमीत 'हप्ता इतक्याने घटेल' या चौकटीशेजारी 'हप्ता तोच ठेवला तर कर्ज इतके महिने आधी संपेल' हाही आकडा द्यावा. आणि वास्तुपुरवणीत जिथे हप्ता छापला जातो तिथे मुदत, एकूण व्याज आणि एपीआर हप्त्याएवढ्याच टाइपात छापावेत. जागेची अडचण असेल तर पोहण्याच्या तलावाचं चित्र थोडं लहान करता येईल.

आपले नम्र,
दोन निवृत्त बँक कर्मचारी,
पुणे ३०