समान वाटणीचा बँड

टोरांटो

चि. बाळास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुमच्या बँडचे पहिले ध्वनिमुद्रण व्हायच्या आधीच गाणी कोणाच्या नावावर लावायची यावरून तुम्हा चौघांत बिनसले, हे तू सांगितल्यापासून तो विषय माझ्या डोक्यातून जात नाही. माझा जन्म लोकांचे हिशेब तपासण्यात गेला असल्यामुळे मी याकडे वाटणीच्याच बाजूने पाहणार, हे तू गृहीत धरलेच असशील. तू शिकतोस त्या हॅलिफॅक्समध्येच १९९१ साली सुरू झालेल्या स्लोन या बँडची वाटचाल तुम्ही चौघांनी नीट समजून घ्यावी, असे मला वाटते.

ख्रिस मर्फी, अँड्र्यू स्कॉट, जे फर्ग्युसन आणि पॅट्रिक पेंटलंड हे त्याचे चार सभासद, आणि तीस वर्षे उलटून गेल्यावरही तेच चौघे. चौघेही गाणी लिहितात आणि आपापली गाणी स्वतः गातात. एवढी चार डोकी एकत्र टिकण्याचे मुख्य कारण मला त्यांच्या पैशाच्या व्यवहारात दिसते. गाणे कोणीही लिहिलेले असो, ते सगळ्या बँडच्या नावावर लागते आणि येणाऱ्या पैशाचे चार सारखे भाग होतात.

यात काय विशेष, असे तू म्हणशील. एरवी रॉयल्टीचा मोठा हिस्सा गाणे लिहिणाऱ्याकडे जातो. मग ज्याचे गाणे रेडिओवर वाजते त्याचे घर उभे राहते, आणि त्याच गाण्यावर जीव तोडून ड्रम वाजवणारा मागे राहतो. साहजिकच पुढच्या अल्बममध्ये प्रत्येक जण आपलेच गाणे पुढे रेटतो, मग ते बरे असो वा नसो. समान वाटणीत हे भांडण उरत नाही. १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात त्यांची जी गाणी गाजली, त्यांतली बरीचशी पेंटलंडची होती. म्हणजे या नियमाची झळ सर्वांत जास्त त्यालाच बसली असणार. उलट २००३ च्या ‘ॲक्शन पॅक्ट’मध्ये स्कॉटचे एकही गाणे नव्हते.

त्यांचे सगळे सुरळीत झाले, असे मात्र समजू नकोस. निर्वाणा हा गाजलेला अमेरिकी रॉक बँड ज्या गेफेन या रेकॉर्ड कंपनीकडे होता, तिनेच यांनाही करारबद्ध केले आणि १९९२ मध्ये ‘स्मिअर्ड’ आला, तेव्हा हॅलिफॅक्स म्हणजे दुसरे सिॲटल, नव्या रॉक बँडचे दुसरे माहेरघर, अशी हवा झाली होती. दोन वर्षांनी ‘ट्वाइस रिमूव्ह्ड’ तयार झाला. त्यात पहिल्या अल्बममधला गोंगाट नव्हता, म्हणून कंपनीला तो रुचला नाही. पुन्हा ध्वनिमुद्रण करा, ही तिची सूचना यांनी मानली नाही आणि कंपनीने प्रसिद्धीत हात आखडता घेतला. स्कॉट तोवर टोरांटोला राहायला आला होता, बाकीचे तिकडेच होते, आणि बँड मोडल्यातच जमा होता. पुढे १९९६ मध्ये ‘चार्ट’ मासिकाच्या वाचकांनी त्याच अल्बमला कॅनडाचा सर्वोत्तम अल्बम ठरवले. कंपनीचे ऐकून त्यांनी तो बदलला असता तर हा कौल मिळाला असता, असे मला वाटत नाही.

त्याच वर्षी ‘वन कॉर्ड टू अनदर’ आला. तो त्यांनी थोडक्या पैशांत केला आणि मर्डररेकॉर्ड्स या स्वतःच्याच छोट्या रेकॉर्ड कंपनीतर्फे काढला. १९९७ मध्ये त्याला जुनो हा कॅनडाचा संगीत पुरस्कार मिळाला. अमेरिकेत त्यांचे बस्तान नंतरही बसले नाही, पण कॅनडात त्यांचा श्रोता कायम राहिला आणि अल्बम येत राहिले. २००६ च्या एकाच अल्बममध्ये तर तीस गाणी आहेत, जी माझ्या मते दहाने कमी चालली असती.

त्यांचा कार्यक्रम पाहायला गेलास तर एक गोष्ट बारकाईने बघ. स्कॉट ड्रमवरून उठून गिटार घेतो, तेव्हा मर्फी आपला बास फर्ग्युसनकडे देऊन ड्रमवर बसतो आणि पुढचे गाणे सुरू होते. दुसऱ्याच्या गाण्यासाठी आपली जागा सोडण्याची सवय त्यांनी अशी अंगवळणी पाडली आहे. २०१४ च्या ‘कॉमनवेल्थ’मध्ये मात्र त्यांनी उलटे केले: दुहेरी अल्बमच्या चार बाजू चौघांनी पत्त्यांच्या चार रंगांसारख्या वाटून घेतल्या, आणि इस्पिक वाट्याला आलेल्या स्कॉटने आपली सबंध बाजू सतरा मिनिटांहून मोठ्या एकाच गाण्याने भरली. पैसे सारखे वाटले की माणसेही एकसारखी होतील, ही तुझी शंका होती ना, तिचे उत्तर या अल्बममध्ये ऐक.

तेव्हा माझे मत समान वाटणीकडे आहे, पण ते तोंडी ठेवू नका, कागदावर आणा. एका बाबतीत मात्र स्लोनचा दाखला उपयोगी पडणार नाही: त्यांच्यातून कोणी गेलेच नाही. तुमच्यापैकी दोघांचे शिक्षण पुढच्या वर्षी संपते आहे. सोडून जाणाऱ्याला जुन्या गाण्यांचा हिस्सा किती वर्षे द्यायचा, हे कलम तुम्हालाच बसून लिहावे लागेल. मसुदा झाला की सह्या करण्याआधी मला पाठव.

तुझी,
आई