दसऱ्याची डब्यातली पूजा

मंडळी, दसऱ्याला सुट्टी, त्यामुळे आपल्या कर्जत-सीएसएमटी लोकलची पूजा नेहमीप्रमाणे आदल्या दिवशी. झेंडू दोन दिवस आधी संध्याकाळी दादरच्या फूलबाजारातून आणायचा. उतरणाऱ्यांनी सांगा. फुलं रात्री ओल्या फडक्यात ठेवा. सकाळी तोरणं कर्जतलाच, गाडी सुटायच्या आत बांधून व्हायला हवीत. धोक्याची साखळी आणि इंडिकेटर झाकू नका. सेलोटेप नको, सुतळीच वापरा.

निरांजन, कापूर, उदबत्ती काहीही पेटवायचं नाही. श्रद्धा मलाही आहे, पण भरलेल्या डब्यात एक ठिणगीही नको. हळदकुंकू, फुलं, नारळ पुरे. नारळ घरी फोडू.

गेल्या वर्षी आपण आरतीत रंगलो आणि वांगणीला एक आजोबा पिशवी छातीशी धरून दारातच अडकले. ते मनातून जात नाही. यंदा दारं मोकळी, आणि तिघांच्या बाकावर सरकून दिलेली चौथी सीट ज्याची त्याला. आरती हळू आवाजात, रात्रपाळीची माणसं झोपलेली असतात.

पेढे सगळ्या डब्याला, फक्त ग्रुपला नाही. मोटरमनना हार कर्जतलाच, गाडी उभी असताना.

पाकळ्यांसाठी दोन गोण्या काका आणतील. सीएसएमटीला उतरण्याआधी डबा झाडून घेऊ.