आमचं वेड आणि तुमची रसिकता

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कालच्या पुरवणीतला तो लेख वाचला आणि सकाळ खराब झाली. आधी त्या ब्रिटिश इलेक्ट्रॉनिक संगीतकाराचं नाव तरी नीट छापा हो, ‘अपेक्स’ नाही, एफेक्स ट्विन. कलाकारानेच जे बाहेर काढलं नाही ते टाकाऊच असणार आणि त्याच्यामागे लागणारी पोरं रिकामटेकडी, असा एकूण शोध. मग २०१५ मध्ये ह्याच माणसाने साउंडक्लाउड ह्या संगीताच्या वेबसाइटवर दोनशेच्या वर जुने ट्रॅक स्वतः फुकट टाकले, ते काय रद्दी काढली? आणि ते कॉस्टिक विंडो प्रकरण. ह्याच माणसाचा त्या नावाचा १९९४ चा अल्बम, मोजक्या टेस्ट प्रेसिंग, म्हणजे विक्रीआधीच्या चाचणीच्या तबकड्या, निघाल्या आणि गाडी तिथेच अडली. २०१४ ला फॅन्सनी वर्गणी काढून, रीतसर परवानगी घेऊन त्यातली एक विकत घेतली, वर्गणीदारांना डिजिटल कॉपी मिळाली आणि मग ती तबकडी लिलावात माइनक्राफ्ट ह्या व्हिडिओ गेमवाल्या मार्कुस पेर्सनने ४६,३०० डॉलरला घेतली. तुमच्या लेखात फक्त डॉलर आले, वर्गणी आणि परवानगी गाळली.

साउंडक्लाउडवर ते ट्रॅक आले तेव्हा मी कोथरूडला तिघांत एक खोली घेऊन राहायचो, नेट रडत चालायचं, एफेक्स मधेच काही ट्रॅक काढूनही टाकायचा म्हणून रात्री जागून एकसष्ट उतरवले. पुढे लॅपटॉप दुरुस्तीला दिला तर त्या भल्या माणसाने न विचारता फॉरमॅट मारला, वर म्हणतो, “गाणीच होती ना सर, यूट्यूबवर मिळतील की.” पैसे पूर्ण घेतले.

घरी सांगितलं तर बाबा हसले नाहीत. त्यांच्या कपाटात खासगी बैठकांच्या कॅसेटी आहेत, कॉपीची कॉपी, तानेपेक्षा कुणाचा तरी खोकला जास्त स्वच्छ ऐकू येतो. एका बैठकीसाठी ते एसटीने साताऱ्याला गेले होते, त्या गृहस्थांनी चहा पाजला, कॅसेट ऐकवली आणि कॉपी मागितल्यावर कपाटाला कुलूप लावलं. अशाच एका संग्राहकावर तुम्ही मागच्या दिवाळीत अर्धं पान खर्च केलं होतं, ‘दर्दी रसिक’ वगैरे. त्यांनी कुलपात ठेवलं की रसिकता आणि आम्ही वर्गणी काढून वाटलं की वेड, असा हिशोब असेल तर तसं एकदा छापून टाका.

बाकी आमच्या गल्लीतल्या कचरागाडीबद्दल मी दोनदा पत्र पाठवलं, एकही छापलं नाहीत, गाडी अजूनही दुपारी बाराला येते. हे छापणार असाल तर कृपया एफेक्सच छापा.

आपला,
एक रिकामटेकडा वाचक, पुणे