धुके निमित्त, जोडी नवखी

महोदय,

छोटे विमान पडले की ‘धुके होते’ म्हणून विषय मिटवतात. आयर्लंडमधील कॉर्कला १० फेब्रुवारी २०११ रोजी बेलफास्टहून आलेले मेट्रो-३ विमान उतरण्याच्या तिसऱ्या प्रयत्नात धावपट्टीवर उलटले. १२ पैकी ६ जण दगावले. २०० फुटांवर धावपट्टी दिसली नाही तर वर निघायचे. वैमानिक आधीही दोन्ही वेळा त्याखाली गेले होते. शेवटी थ्रॉटल (इंजिनाचा जोर कमी-जास्त करणारे दांडे) ‘फ्लाइट आयडल’च्या, म्हणजे हवेत ठेवायच्या किमान जोराच्याही मागे ओढले गेले. उजव्या इंजिनाचा सेन्सर सदोष, म्हणून जोर असमान. विमान आधी डावीकडे कलले, जोर वाढवताच उजवीकडे गरकन फिरले.

या विमानाचे तिकीट विकणारी कंपनी एक, उड्डाणाचा परवाना स्पेनमधल्या दुसरीचा! नवखा कॅप्टन आणि थकलेला सहवैमानिक ही जोडी अडवणार कोण? विमान भाड्याने घेताना परवानाधारकाकडूनच वैमानिकांच्या ड्यूटीचे तास लेखी मागावेत.

– एक वाचक, नाशिक