आकडे पुरे, हायकोर्टाने रोजनामे बघावेत

मा. संपादक,
स.न.वि.वि.

सुप्रीम कोर्टाने २०२५ मधे सगळ्या हायकोर्टांकडून पडून राहिलेल्या दरखास्तींचा, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून मागणाऱ्या अर्जांचा, हिशोब मागवला तेव्हा देशभरात आठ लाखांच्या वर निघाल्या आणि त्यात सगळ्यात जास्त आपल्या महाराष्ट्रात. म्हणजे दावा जिंकलाय, हुकूमनामा हातात आहे आणि तरी माणूस ताब्यासाठी परत तारखाच घेतोय. दरखास्त सहा महिन्यांत संपवा हे सुप्रीम कोर्टाने २०२१ लाच सांगितलं होतं. सांगितलं खरं, मोजायला चार वर्षं गेली.

यावर लगेच उत्तर येतं की जज कमी आहेत. आहेतच, १० लाख लोकांमागे ५० हवेत असं लॉ कमिशनने १९८७ मधे म्हटलेलं, आपण अजून निम्म्यावर पण नाही. पण जेवढे आहेत त्यांच्या कामावर हायकोर्ट लक्ष कसं ठेवतं हा मुद्दा वेगळा आणि त्याला नवीन इमारत वगैरे काही लागत नाही. घटनेच्या कलम २२७ ने देखरेख आणि कलम २३५ ने खालच्या कोर्टांवरचं नियंत्रण हायकोर्टाकडेच दिलंय, पोस्टिंग, बढती, रजा सगळं त्यात आलं. आणि देखरेख होत नाही असंही नाही, खालून वर स्टेटमेंट जातात, किती दाखल किती निकाली, न्यायाधीशांना निकालाचे युनिट, म्हणजे कामाचे गुण, मोजून मिळतात. गोची तिथेच आहे. आपसात मिटलेलं किंवा समोरचा हजरच न झालेलं प्रकरण पटकन निकाली निघतं, आकडा छान दिसतो, आणि वाटपाचा जुना दावा ज्यात डझनभर प्रतिवादी, त्यातले दोघं मयत, वारस लावायचे बाकी, तो बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या यादीत, खाली खाली सरकत राहतो.

खरी गोष्ट रोजनाम्यात असते. कुठल्या तारखेला काय झालं, म्हणजे बहुतेक वेळा काय झालं नाही, ते तिथे ओळीने लिहिलेलं असतं. समन्स बजावून आलं नाही, ते बजावणाऱ्या बेलिफचा रिपोर्ट नाही, वकील दुसऱ्या कोर्टात, से (अर्जावरचं म्हणणं) साठी मुदत, साक्षीदार हजर पण उलटतपासाला वेळ मागितला, साहेब रजेवर. सुनावणीत एका पक्षाला तीनच्या वर तहकुबी नाही असं दिवाणी प्रक्रिया संहितेत स्पष्ट आहे, कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर) ३० दिवसांत आणि फार तर ९० दिवसांत द्यायची हेही आहे. सुप्रीम कोर्टाने २००५ मधे दोन्हीकडे खऱ्या अडचणीपुरती थोडी सूट ठेवली आणि ती सूटच आता रोजची झालीय, दंड लागला तरी शंभर-दोनशेचा, तो भरून पुढची तारीख घेणं प्रतिवादीला परवडतंच की.

मग जो हायकोर्टात जाऊ शकतो तो जातो आणि 'अमुक महिन्यांत निकाल द्या' असा आदेश आणतो. त्याची केस पुढे, बाकीच्यांची तेवढीच मागे. फेब्रुवारी २०२४ मधे सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींनी सांगितलं की अपवाद सोडला तर अशी मुदत घालून देऊ नका, कुठल्या केसला आधी घ्यायचं ते खालच्या कोर्टाला जास्त कळतं. मला ते पटतं. त्याच निकालात असंही आहे की वरच्या कोर्टाचा स्टे सहा महिने झाले म्हणून आपोआप उठत नाही, कायद्याने बरोबर असेल, पण मग हायकोर्टाने स्वतःच्या स्टेंची यादी स्वतः तपासायला नको का? खालचा दावा वरच्या स्टेमुळे अडकलेला आणि जाब मात्र खालच्यांना, हे काही बरोबर नाही.

ऑक्टोबर २०२३ मधे सुप्रीम कोर्टाने एक चांगली व्यवस्था लावून दिली होती, पाच वर्षांवरच्या केसेसची माहिती दर महिन्याला प्रधान जिल्हा न्यायाधीशांकडे, तिथून हायकोर्टाच्या समितीकडे, आणि समितीची बैठक निदान दोन महिन्यांतून एकदा. माझं म्हणणं एवढंच की त्या तक्त्यात एक रकाना वाढवा, मागच्या सहा तारखा कोणामुळे पडल्या. वादी, प्रतिवादी, बेलिफ, कोर्ट की वरचा स्टे. यात कोणत्या बाजूने निकाल लागावा याच्याशी काही संबंध नाही, नुसती घाई करायला लावली तर 'नो क्रॉस' (उलटतपास झालाच नाही) असं लिहून पुरावा बंद होतो आणि मग अपिलात सगळं परत खाली, म्हणजे अजून दहा वर्षं.

आपल्या पेपरला एक विनंती. दरवर्षी एकूण पेंडिंगचा आकडा हेडलाइनला येतो, त्याऐवजी या समितीच्या किती बैठका झाल्या आणि त्यात आपल्या जिल्ह्याच्या यादीवर काय ठरलं, एवढं हायकोर्टाकडे विचारून छापा.

आपला,
एक वाचक आणि वाटपाच्या एका दाव्यातला वादी