गायीच्या लघवीतले रक्त कोणाच्या वहीत लिहायचे? केंद्रीय पशुसंवर्धन मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
माननीय मंत्री महोदय,
मत्स्यव्यवसाय, पशुसंवर्धन व दुग्धव्यवसाय मंत्रालय,
भारत सरकार, नवी दिल्ली

स. न. वि. वि.

पत्र मराठीत आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३५० प्रमाणे सरकारकडे गाऱ्हाणे मांडताना देशात वापरली जाणारी कोणतीही भाषा चालते, आणि गुरांच्या दुखण्याबद्दल मला मराठीतच नीट बोलता येते. भाषांतराचा त्रास आपल्या कार्यालयाला होईल, तेवढा सोसावा.

उत्तराखंड, हिमाचल, सिक्कीम, दार्जिलिंगच्या डोंगरांत आणि दक्षिणेला निलगिरीत गायीबैलांच्या लघवीतून रक्त जाते. आज जाते, चार दिवस थांबते, पुन्हा सुरू होते. हे महिनोन्महिने चालते. जनावराच्या डोळ्यांच्या पापण्या आतून पांढऱ्याफटक पडतात, दूध आटते, पाठीचे हाड वर येते आणि शेवटी ते बसते ते उठत नाही. शवविच्छेदनात मूत्राशय उघडले की आत गाठी दिसतात, त्यांतल्या बऱ्याच कर्करोगाच्या. याला कारण एक नेचा आहे. जगभर त्याला ब्रॅकन म्हणतात, आणि त्याचा हा गुन्हा १९६० च्या दशकातच प्रयोगांनी शाबीत झाला आहे. औषध नाही. माझी तक्रार मात्र औषध नसल्याची नाही. हा रोग एका जनावराचा दुसऱ्याला लागत नाही, म्हणून तो नोंदवण्याचे बंधन देशात कोणावरच नाही, ही माझी तक्रार आहे.

नेचा म्हटले की आपल्याला पावसाळ्यात दगडी भिंतीतून डोकावणारी नाजूक पाने आठवतात, नाहीतर मनगटावर दाबून पोरे ज्याचा पांढरा ठसा उठवतात तो चंदेरी नेचा. ब्रॅकन अंगाने दांडगा. पान माणसाच्या छातीपर्यंत सहज येते, कधी डोक्याच्या वर जाते. अंटार्क्टिका सोडला तर असा खंड नाही जिथे तो नाही. खरे झाड जमिनीखाली असते: काळपट, बोटभर जाड खोड आडवे सरकत राहते, त्याला फाटे फुटतात आणि प्रत्येक फाट्यावरून एकेक पान सुटे वर येते. अख्ख्या उतारावर हलणारी पाने एकाच झाडाची असू शकतात. वरचे कापले किंवा जाळले तरी खालच्या साठ्याला धक्का लागत नाही. उलट वणव्यानंतर राखेतून सर्वांत आधी वर येणाऱ्यांत हाच असतो, कारण चढाओढ करणारे गवत जळून गेलेले असते. शिवाय एका पिकल्या पानाच्या मुडपलेल्या कडेखाली ३० कोटींपर्यंत बीजाणू तयार होऊ शकतात. कोवळ्या पानांत सायनाइड सोडणारे द्रव्य असते, देठाच्या सांध्यांशी मध पाझरणाऱ्या ग्रंथी असतात आणि त्या चाटायला मुंग्या जमतात. फूल नाही, फळ नाही, पण बंदोबस्त चोख.

हा प्रत्येक जनावराला वेगळ्या वाटेने मारतो. घोड्याने खाल्ला तर त्यातले थायामिनेज शरीरातले बी-१ जीवनसत्त्व संपवते, घोडा झोकांड्या देऊ लागतो. वेळेवर बी-१ ची इंजेक्शने दिली तर वाचतो. गायीच्या पोटातले जिवाणू बी-१ स्वतःच बनवतात, म्हणून ती या संकटातून सुटते आणि पुढच्या मोठ्या संकटात सापडते. थोड्या दिवसांत भरपूर खाल्ला तर अस्थिमज्जा काम सोडते, ताप चढतो, नाकातून आणि शेणातून रक्त येते. थोडाथोडा वर्षानुवर्षे खाल्ला तर मूत्राशय. इंग्लंडच्या यॉर्कशरमध्ये मेंढ्या यानेच आंधळ्या झालेल्या आढळल्या आहेत.

घोड्याचे दुखणे सोडले तर या सगळ्यामागचा मुख्य पदार्थ पटाक्विलोसाइड. १९८३ मध्ये जपान आणि नेदरलँड्स इथल्या संशोधकांनी तो वेगवेगळा शोधून काढला. त्याची खुबी अशी की आम्ल-अल्कलीच्या तोलावर त्याचे वागणे बदलते. अल्कली मिळाली की तो एका अतिशय चळवळ्या रूपात जातो आणि ते रूप पेशीतल्या डीएनएला चिकटते. गवत खाणाऱ्या जनावराची लघवी अल्कधर्मी असते. म्हणजे गाय विष पाण्यावाटे बाहेर टाकू पाहते आणि ज्या पिशवीत ते साठते तिथेच ते धार धरते. जपानमध्ये याच नेच्याचे कोवळे कोंब वाराबी म्हणून खातात, पण आधी राखेच्या किंवा सोड्याच्या गरम पाण्यात मुरवून. तिथे अल्कलीचे काम भांड्यात उरकते: ते चळवळे रूप पाण्याशीच संयोग पावते, बरेचसे विष पाण्यात निघून जाते. गायीला कोण सोडा लावून देणार?

आता नोंदीचे का म्हणतो ते सांगतो. नोकरीच्या काळात प्रशिक्षणासाठी मी उत्तराखंडात, कुमाऊँच्या डोंगरातल्या मुक्तेश्वरच्या पशुरोग संशोधन संस्थेत होतो. खालच्या गावातल्या एका गोठ्यात एक बाई मला म्हणाल्या, “डाक्साब, खून मूत रही है, तीन बार सुई लग चुकी.” तिन्ही सुया गोचीड तापाच्या होत्या. लाल लघवी दिसली की आपल्याकडचाही पशुवैद्यक आधी गोचीड तापच धरतो, व्यायलेली गाय असली तर फॉस्फरसची कमतरता. या दोन्हींत रक्तपेशी आधीच फुटलेल्या असतात आणि लघवीत नुसता रंग उतरतो. मूत्राशयाच्या रोगात अख्ख्या पेशी येतात. फरक ओळखायला प्रयोगशाळा लागत नाही. आम्ही काचेच्या नळीत लघवी धरली आणि नळी गोठ्याच्या चौकटीला टेकवून ठेवली. चहापाणी आणि शेजारच्या गोठ्यांची फेरी होईपर्यंत तळाशी लाल गाळ बसला होता, वर पिवळी निवळ लघवी. गोचीड तापात नळी वरपासून खालपर्यंत एकसारखी लाल राहिली असती. बाईंनी नळी हातात घेऊन उजेडात धरली आणि विचारले, मग आधीच्या सुयांचे पैसे गेले का. गेले होते.

ती गाय कुठल्या नोंदीत गेली असेल? आपल्याकडे २००९ चा कायदा आहे, जनावरांतील संक्रामक व सांसर्गिक रोगांच्या प्रतिबंधाचा. नावातच मर्यादा आली. २०१९ पासून लाळ्या खुरकूत आणि ब्रुसेलोसिससाठी देशव्यापी कार्यक्रम चालू आहे, कानात बारा आकडी बिल्ला आहे, भारत पशुधनची ऑनलाइन नोंद आहे, १९६२ या क्रमांकावर फिरता दवाखाना दारात येतो. हे सगळे मी टोमणा मारायला सांगत नाही. नोकरीतली पहिली वर्षे जीपच्या डिझेलची वाट पाहण्यात गेलेल्या माणसाला ही यंत्रणा पाहून बरेच वाटते. पण यंत्रणा उभी असताना तिला एका रकान्याची भर घालणे किती सोपे आहे, एवढेच मला म्हणायचे आहे. बिल्ल्याचा क्रमांक, गाव, “लघवीत रक्त, नळीत गाळ बसला”. एका हंगामात कोणत्या खोऱ्यात किती गायी जातात ते कळेल. आज हे ज्याला कळते तो गावातला माणूस असतो, आणि तो गाय विकून टाकतो. घेणारा तिला दुसऱ्या गावात नेतो, तिथे पुन्हा गोचीड तापाची सुई.

दुधाचा प्रश्न याहून नाजूक आहे. व्हेनेझुएलाच्या अँडीज भागात १९९० च्या दशकात गायींना ब्रॅकन खायला घालून दूध तपासले, तेव्हा पोटात गेलेल्या पटाक्विलोसाइडपैकी सुमारे ८.६ टक्के दुधात उतरल्याचे आढळले. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने १९८७ मध्ये ब्रॅकनला २-बी गटात, म्हणजे माणसाला कर्करोग करण्याची शक्यता असलेल्यांत, घातले. घबराट पसरवायची माझी इच्छा नाही. शेकडो गायींचे दूध एकत्र होते त्या टाकीत हा अंश विरून जातो. पण डोंगरातल्या घरात एकच गाय असते आणि तिचे दूध रोज त्याच दोन पोरांच्या पोटात जाते. दुधातल्या अफ्लाटॉक्सिन एम-१ या बुरशीजन्य विषासाठी देशात किलोमागे ०.५ मायक्रोग्रॅमची मर्यादा ठरलेली आहे. पटाक्विलोसाइडसाठी काहीच नाही. मर्यादा उद्याच ठरवा असे मी म्हणत नाही; ज्या खोऱ्यात गायी रक्त मुततात तिथले दूध तपासायला तरी सुरुवात व्हावी.

गाय हा नेचा आवडीने खात नाही. मार्च ते मे या दिवसांत डोंगरावरचे गवत वाळलेले असते, बांजाचा (डोंगरी ओकचा) पाला आणायला बायकांना वर वर चढावे लागते, आणि नेमके तेव्हाच जळालेल्या उतारांवर ब्रॅकनचे मुठीसारखे मिटलेले कोंब हिरवेगार वर येतात. कोवळ्या कोंबांतच विष सर्वाधिक. पावसाळ्यानंतर लोक वाळलेली पाने कापून गोठ्यात अंथरतात, खत चांगले होते. पण उपाशी जनावर अंथरूणही खाते आणि वाळल्यावर विष कमी होते, संपत नाही. म्हणून यावर खरा इलाज चाऱ्याचा आहे. या तीन महिन्यांपुरता सुका चारा बाधित खोऱ्यांत पोहोचला तर गाय त्या उताराकडे फिरकणार नाही. आपल्या चारा योजना दुष्काळ समोर ठेवून आखलेल्या असतात. कुमाऊँमध्ये वरून सगळे हिरवे दिसत असताना चारा संपलेला असतो, आणि हे दिल्लीतून दिसणे अवघड आहे हे मला मान्य आहे.

कोणी तरी आपल्याला फवारणीचा प्रस्ताव देईल, म्हणून आधीच लिहून ठेवतो. ब्रिटनने अनेक वर्षे डोंगरांवर हेलिकॉप्टरमधून असुलाम हे तणनाशक फवारले. २०११ मध्ये युरोपीय संघाने त्याला मान्यता नाकारली, तरी ब्रिटन पुढे वर्षानुवर्षे आपत्कालीन परवानगीवर ते वापरत राहिला. नेचा अजून तिथे आहेच. आपल्या डोंगरांत उताराखाली लगेच गावाचा झरा असतो. तिथे हे नकोच. आणि ब्रॅकन समूळ उपटायची भाषाही नको. मोकळ्या उतारावरची माती तो धरून ठेवतो, आणि इंग्लंडमध्ये तर हाय ब्राउन फ्रिटिलरी हे दुर्मीळ फुलपाखरू त्याच्या वाळक्या पाचोळ्याच्या उबेत वाढते. चराईच्या वाटेवरचा आणि पाणवठ्याजवळचा तेवढा हटवावा. त्यासाठी विळा पुरतो, पण पाने पूर्ण उलगडली की, वर्षातून दोनदा, आणि लागोपाठ काही वर्षे. पान उलगडेपर्यंत झाड खालचा साठा खर्च करते, म्हणून त्याच वेळी कापले तर खोड उपाशी पडते. बीजाणू झडायच्या आधी कापावे, नाहीतर नाकातोंडाला फडके बांधावे. उंदरांवरच्या प्रयोगांत बीजाणूही निर्दोष ठरलेले नाहीत. रोजगार हमीत हे काम बसवता येईल.

मुक्तेश्वरची संस्था मूळ पुण्याची, हे आपल्या अधिकाऱ्यांनाही अनेकदा ठाऊक नसते. १८८९ मध्ये इंपीरियल बॅक्टेरिऑलॉजिकल लॅबोरेटरी म्हणून ती पुण्यात सुरू झाली आणि १८९३ मध्ये, जंतू वस्तीपासून लांब राहावेत म्हणून, कुमाऊँच्या डोंगरावर गेली. बुळकांडी या गुरांच्या जीवघेण्या साथीवर तिथे आयुष्ये खर्ची पडली. २०११ मध्ये बुळकांडी जगातून गेल्याचे जाहीर झाले. लागट रोग मोजून, मागे लागून संपवता येतो हे त्या डोंगराने पाहिले आहे. त्याच डोंगरावर खिडकीबाहेर ब्रॅकन डोलतो आहे, आणि त्यावर तिथे संशोधनही झाले आहे. फक्त ते संशोधन १९६२ च्या गाडीपर्यंत उतरलेले नाही.

या पत्राची प्रत मी महाराष्ट्राच्या पशुसंवर्धन मंत्र्यांनाही पाठवत आहे. महाबळेश्वरच्या उंच पठारांच्या कडांना हाच नेचा उगवतो आणि सह्याद्रीतल्या धनगरवाड्यांची गुरे रानातच चरतात. तिथल्या चार वर्षांवरच्या गायींची लघवी एका उन्हाळ्यात नळीत धरून पाहावी. खर्च काचेच्या नळ्यांचा.

आपल्याकडून मला एवढेच हवे आहे: भारत पशुधनमध्ये तो एक रकाना, आणि डोंगरी जिल्ह्यांच्या प्रत्येक फिरत्या दवाखान्यात नळ्यांचा एक स्टँड. फेब्रुवारी संपायच्या आत झाले तर याच हंगामाचा आकडा हाती येईल. मार्चमध्ये कोंब वर येतात.

आपला विश्वासू,
एक निवृत्त पशुवैद्यक
जि. सातारा