कोकण रेल्वेच्या दुहेरीकरणाला लांब मुदतीचा पैसा हवा

संपादक महोदय,

कोकण रेल्वे भारतीय रेल्वेत विलीन करायला राज्य सरकारने २०२५ मध्ये संमती दिली, तेव्हा आमच्याकडे जास्त चर्चा नावाची झाली. नाव टिकावं असं मलाही वाटतं. पण माझं आयुष्य बँकेत कर्जप्रकरणं तपासण्यात गेलं, त्यामुळे मला काळजी आहे ती पैशाची.

हापूसची कलमं लावायला कर्ज मागणाऱ्या बागायतदाराला आम्ही कधी पीककर्ज देत नसू. पीककर्ज वर्षभरात फेडायचं असतं आणि कलम धरायला पाच-सहा वर्षं जातात. झाड धरल्यावर हप्ता सुरू, एवढं आम्ही वीस कलमांच्या बागेलाही पाळायचो. रोहा ते मंगळूरुजवळच्या ठोकूरपर्यंतच्या ७४१ किलोमीटरच्या रेल्वेला मात्र तो नियम लावला गेला नाही. १९९० मध्ये महामंडळ झालं, केंद्राने आणि चार राज्यांनी भागभांडवल घातलं, बाकीचा मोठा वाटा रोखे विकून उभा केला. तेव्हाचे अर्थमंत्री मधू दंडवते, रेल्वेमंत्री जॉर्ज फर्नांडिस यांनी ती वाट काढली नसती तर गाडी आलीच नसती, हे मी कृतज्ञतेने सांगतो. आमची सात कलमं या मार्गात गेली. 'गाडी येतली मां, मग जांव देत,' एवढंच वडील म्हणाले होते. १९९८ मध्ये पूर्ण मार्ग सुरू झाला, पण तोवर खर्च वाढला होता आणि व्याज कधीचं चालू झालं होतं. शेवटी केंद्राला कर्ज भागभांडवलात वळवून घ्यावं लागलं. प्रवासी भाड्यासाठी अंतर ४० टक्के वाढवून धरलं जातं, तेही याच ओझ्यापायी.

२०२१ मध्ये रोहा-वीर हा सुमारे ४७ किलोमीटरचा टप्पा दुहेरी झाला. पुढे बहुतेक एकच रूळ, म्हणजे समोरच्या गाडीला वाट द्यायला क्रॉसिंगला थांबणं आलंच. गणपतीत जादा गाड्या सोडायच्या तर त्याही याच रुळावरून.

दुहेरीकरणासाठी पुन्हा महामंडळाच्या माथी कर्ज मारू नये. दर अर्थसंकल्पात टप्प्याटप्प्याने ठरावीक भांडवली तरतूद व्हावी आणि उरलेला पैसा केंद्राने स्वतःच्या नावावर उभारावा. २०२३ च्या जानेवारीत केंद्राने पहिले हरित रोखे, म्हणजे पर्यावरणपूरक कामांसाठीचे कर्जरोखे, विकले, त्याच वर्षी नोव्हेंबरात ५० वर्षांचे रोखेही. म्हणजे लांब मुदतीचा पैसा मिळतो. आणि २०२२ पासून हा सगळा मार्ग विजेवर आहे, तेव्हा हरित रोख्यांवर त्याचा हक्क पोचतो.

विलीनीकरणात राज्याने महामंडळात घातलेलं भांडवल परत मिळालं तर ते मंत्रालयाच्या तिजोरीत जिरू नये. आमची स्टेशनं गावापासून लांब आहेत. रात्री उतरलेल्या म्हाताऱ्या माणसाला एसटी नसते आणि रिक्षाचं भाडं कधीकधी रेल्वेच्या तिकिटाहून जास्त होतं. तो पैसा स्टेशनच्या रस्त्यांना, दिव्यांना आणि गाडीच्या वेळेला लागणाऱ्या एसटीला द्यावा. विलीनीकरणाच्या करारात हे कलम घालून घेण्यासाठी कोकणातल्या खासदार-आमदारांनी पक्ष बाजूला ठेवून एकत्र बसावं, ही कळकळीची विनंती.

— एक निवृत्त बँक अधिकारी, कणकवली